कीकडे पाहू नको, कागदाकडे पाय

वऱ्हाडात ‘पाय’ म्हणजे दर वेळी चालायचाच पाय असतो असं नाही. ‘पाहा’लाही आम्ही ‘पाय’च म्हणतो. एवढं कळलं की आमच्या टायपिंगच्या सरांचं हे वाक्य उलगडतं. अकोटच्या बाजारात एका दुकानावरच्या माळ्यावर त्यांचा क्लास होता. अरुंद लाकडी जिना, वर पत्रे, भिंतीला लागून दोन रांगांत दहा-बारा यंत्रं आणि मे महिन्यात कूलरचाही आवाज दाबून टाकणारा खडखडाट. दहावीचा शेवटचा पेपर झाला की घरातून पहिला हुकूम सुटायचा, ‘टायपिंग लावून घे.’ कापसाच्या भावाचा भरवसा नाही. पण मराठी थर्टी आणि इंग्लिश फोर्टीचं सर्टिफिकेट हाती असलं, तर तहसीलमध्ये नाहीतर झेडपीत क्लार्क म्हणून कुठंतरी चिकटशील, असा त्यामागचा सरळ हिशेब.

पहिला आठवडा एकच धडा. डाव्या हातानं ए एस डी एफ जी एफ, उजव्या हातानं सेमीकोलन एल के जे एच जे. पानंच्या पानं तेच. चौथ्या दिवशी मला वाटलं, आता जमलं. तेवढ्यात सर मागून आले, खिशातला रुमाल काढला आणि माझ्या दोन्ही हातांवर टाकला. कळा झाकल्या गेल्या आणि माझा हात जागच्या जागी थिजला. सर म्हणाले, “कीकडे पाहू नको, कागदाकडे पाय. डोये दोन ठिकानी नाही ठेवता येत, बावा.”

मला क्लार्कची नोकरी लागली नाही. पण त्या रुमालाखाली जे शिकलो, त्याच्यावर आज माझं घर चालतं. हा लेख त्याबद्दल आहे.

●

मी अकोटात बसून प्रोग्राम लिहितो. अडत दुकानं आणि जिनिंगवाल्यांचे हिशेब: आवक, वजन, अडत, हमाली, तोलाई. शिवाय पुण्याच्या एका कंपनीचं थोडं काम. मागच्या दिवाळीत पुण्यात इंजिनिअरिंग शिकणारा भाचा घरी आला. माझ्या मागं उभा राहून थोडा वेळ स्क्रीनकडे बघत राहिला आणि म्हणाला, “मामा, तुमचा माउस कुठाय?”

माउस टेबलाच्या खणात होता. दोन-तीन दिवसांत त्याची गरज पडली नव्हती. भाच्याला जादू वाटली. त्याच्याही लॅपटॉपवर तोच एडिटर होता. (एडिटर म्हणजे या अंकाचे संपादक नव्हेत. प्रोग्रामरची लिहायची वही म्हणजे त्याचा एडिटर.) फरक फक्त एका प्लग-इनचा होता. ट्रॅक्टर तोच असतो. मागं नांगर जोडला की नांगरट होते, रोटावेटर जोडला की ढेकळं फुटतात. प्लग-इन हे तसं मागं जोडायचं अवजार. मायक्रोसॉफ्टचा ‘व्हिज्युअल स्टुडिओ कोड’ हा एडिटर २०१५ साली आला आणि बघता बघता घरोघरी झाला. त्याला ‘व्हिम’ नावाचं प्लग-इन जोडलं की त्याच वहीवर चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीची एक लिहिण्याची पद्धत चढते. जेटब्रेन्सच्या एडिटरांसाठी असंच ‘आयडियाव्हिम’ आहे. ब्राउझरसाठी ‘व्हिमियम’ आहे. ते जोडलं की इंटरनेटवरची पानंसुद्धा माउसशिवाय चाळता येतात.

पद्धतीची मूळ गोष्ट एवढीच: तुमची बोटं त्या ए एस डी एफच्या रांगेवरून उठू नयेत. माउसकडे हात नेला, बाण शोधला, हवं ते ठिकाण गाठलं, क्लिक केलं, हात परत आणला, बोटं पुन्हा जागेवर बसवली. यात वेळ फारसा जात नाही, पण डोळे ओळीवरून हलतात. आणि सरांनी सांगून ठेवलंय की डोळे दोन ठिकाणी ठेवता येत नाहीत.

●

ही पद्धत चैनीतून आलेली नाही, टंचाईतून आली. १९७६ च्या सुमारास कॅलिफोर्नियातल्या बर्कली विद्यापीठात बिल जॉय नावाचा विद्यार्थी ‘व्हीआय’ हा एडिटर लिहीत होता. त्याच्याकडे ३०० बॉडचा मोडेम होता. म्हणजे टेलिफोनच्या तारेवरून सेकंदाला साधारण ३० अक्षरं. पडद्यावर २४ ओळी, प्रत्येक ओळीत ८० अक्षरं, म्हणजे एकूण १,९२०. पूर्ण पडदा नव्यानं रंगायला मिनिटाच्या वर वेळ. अशा वेळी माणूस काय करेल? कमीत कमी कळांमध्ये जास्तीत जास्त काम होईल अशा आज्ञा रचेल. जॉयनं तेच केलं.

त्याच्यासमोरचं टर्मिनल लिअर सिग्लर कंपनीचं ‘एडीएम-३ए’ होतं. त्यावर बाणांच्या वेगळ्या कळा नव्हत्या. एच, जे, के, एल या चार कळांवरच बाण छापलेले होते. डावीकडे, खाली, वर, उजवीकडे. त्यालाही कारण होतं. त्या काळच्या सांकेतिक भाषेत कंट्रोल आणि एच म्हणजे एक घर मागं, कंट्रोल आणि जे म्हणजे एक ओळ खाली. एस्केपची कळ त्यावर आज टॅब असते तिथं, करंगळीच्या शेजारी होती. टर्मिनल केव्हाच भंगारात गेलं. पण अकोटातल्या माझ्या लॅपटॉपवर मी आजही एक ओळ खाली जायला जे दाबतो, ते त्या बाणांमुळे.

नंतर नेदरलँड्सच्या ब्रॅम मोलेनार यांनी अमिगा संगणकावर व्हीआयची नक्कल करायला घेतली. १९९१ मध्ये ती लोकांपुढे आली. नाव ‘व्हिम’. आधी त्याचा अर्थ ‘व्हीआयची नक्कल’ असा होता, पुढं ‘सुधारलेला व्हीआय’ असा झाला. मोलेनार यांनी व्हिमचे पैसे मागितले नाहीत. युगांडातल्या किबाले इथं एड्सनं आई-बाप हिरावलेल्या मुलांसाठी जमलं तर मदत पाठवा, एवढंच सांगितलं. आजही रिकामा व्हिम उघडला की पहिल्या पडद्यावर त्या मुलांसाठी विनंती दिसते. ३ ऑगस्ट २०२३ रोजी मोलेनार गेले. तीस वर्षांहून जास्त काळ त्यांनी हे एकच काम धरून ठेवलं होतं.

●

आता जरा जवळून पाहू.

साध्या एडिटरात कळ दाबली की अक्षर उमटतं. व्हिममध्ये सुरुवातीला तसं होत नाही. उघडल्याबरोबर तो हिंडण्याच्या आणि दुरुस्तीच्या अवस्थेत असतो. तिथं प्रत्येक कळ म्हणजे एक आज्ञा. आय दाबलं की लिहिण्याची अवस्था सुरू, एस्केप दाबलं की परत पहिली. नवख्याला हे उफराटं वाटतं. पण प्रोग्रामर दिवसभरात नवं किती लिहितो? थोडंच. बाकीचा वेळ जुनं वाचतो, शोधतो, एक शब्द बदलतो, चार ओळी खालच्या वर नेतो. व्हिमनं हे ओळखलं आणि जे काम जास्त, त्याला कळफलक मोकळा ठेवला.

आज्ञांना व्याकरण आहे. डी म्हणजे काढ, सी म्हणजे बदल, वाय म्हणजे उचल. ही क्रियापदं. डब्ल्यू म्हणजे शब्द, पी म्हणजे परिच्छेद, अवतरणचिन्ह म्हणजे अवतरणातला मजकूर, कंस म्हणजे कंसातला. ही नामं. मध्ये आय घातलं की ‘आतलं’. सी, आय, अवतरणचिन्ह या तीन कळा दाबल्या, की अवतरणात जे काही होतं ते पुसलं जातं आणि नवं लिहायला जागा तयार. डी, आय, पी म्हणजे हा परिच्छेदच उडव. तीन क्रियापदं आणि दहा नामं पाठ केली की तेरा गोष्टींतून तीस वाक्यं होतात. एखादं क्रियापद नवं कळलं की त्याच दहा नामांना लागू पडतं. बटणांची यादी घोकावी लागत नाही. भाषा बोलता येते. आणि पूर्णविरामाची कळ म्हणजे ‘आत्ता केलं ते पुन्हा कर’. मला सगळ्यात आवडणारी कळ तीच.

एक खरं उदाहरण. एका अडत्याकडून गावांची यादी आली: मुंडगाव, चोहोट्टा, कुटासा, पणज, पोपटखेड... एका ओळीत एक गाव, एकूण दीडशे ओळी. प्रोग्रामला प्रत्येक गाव अवतरणचिन्हात हवं आणि पुढं स्वल्पविराम. हातानं करायचं तर दीडशे वेळा ओळीच्या सुरुवातीला जा, चिन्ह टाक, शेवटी जा, चिन्ह टाक, स्वल्पविराम दे. अर्धा तास जातो आणि चार ठिकाणी चूक होते. व्हिममध्ये मी क्यू ए दाबून ‘आता बघून ठेव’ म्हणतो. मग पहिल्याच ओळीवर मोठा आय, चिन्ह, एस्केप, मोठा ए, चिन्ह, स्वल्पविराम, एस्केप आणि जे. आठ कळा. पुन्हा क्यू दाबून थांबवतो. मग १४९ आकडा, ॲट आणि ए. दीडशे गावं एका झटक्यात रांगेत उभी राहतात.

हे सरांना दाखवलं. आता सत्तरीत आहेत. क्लास मुलगा चालवतो, यंत्रांच्या जागी संगणक आले आहेत. त्यांनी चष्मा वर सरकवून पाहिलं, दोनदा करून दाखवायला लावलं आणि म्हणाले, “म्हंजे हे शिफ्ट-लॉकसारखंच झालं की! कय दाबली का तेच बोट दुसरं काम करते.” व्हिमवर इंग्रजीत कितीतरी पानं वाचली होती मी. एवढ्या थोड्या शब्दांत कुणी सांगितलं नव्हतं.

●

पण सरांच्या क्लासात मराठीही शिकवायचे, आणि इथंच पहिली अडचण येते.

माझ्या प्रोग्राममध्ये पावती मराठीत छापायची असते. म्हणून ‘एकूण वजन’, ‘हमाली वजा जाता’ असे शब्द मराठीत लिहावे लागतात. मी इनस्क्रिप्ट वापरतो. केंद्राच्या इलेक्ट्रॉनिक्स विभागानं १९८६ मध्ये ठरवलेली आणि १९९१ मध्ये राष्ट्रीय मानक झालेली ही मांडणी. डाव्या हाताला स्वर आणि मात्रा, उजव्या हाताला बहुतेक व्यंजनं. सगळ्या भारतीय लिप्यांना एकच रचना. फार शहाणी मांडणी आहे ती, आणि बोटांना पटकन वळण लागतं.

तर मी ‘एकूण वजन’ लिहितो, एस्केप दाबतो आणि खाली जायला जे दाबतो. कळफलक अजून मराठीतच असतो. जे कळेवर इनस्क्रिप्टमध्ये ‘र’ आहे. एच, जे, के, एल या चार कळांवर अनुक्रमे प, र, क, त. बिचाऱ्या एडिटरला ‘र’ नावाची आज्ञा माहीतच नाही. तो गप्प बसतो. पहिल्या दिवशी मला वाटलं लॅपटॉपच अडकला.

उपाय आहेत. मूळ व्हिममध्ये ‘लँगमॅप’ नावाची सोय आहे. आज्ञेच्या अवस्थेत ‘र’ आला तर त्याला जे समज, ‘प’ आला तर एच समज, असं एका ओळीत लिहून ठेवता येतं. व्हिज्युअल स्टुडिओ कोडच्या प्लग-इनमध्ये एस्केप दाबल्याबरोबर कळफलक आपोआप इंग्रजीवर नेण्याची आणि लिहायला लागताच पुन्हा मराठीवर आणण्याची सेटिंग आहे. त्यासाठी एक छोटा मदतनीस प्रोग्राम वेगळा बसवावा लागतो. ईमॅक्स या दुसऱ्या जुन्या एडिटरात देवनागरी लिहिण्याची सोय आतच आहे. कंट्रोल आणि उलटी तिरकी रेघ दाबली की चालू, पुन्हा दाबली की बंद. तिथं मराठीचा परिणाम फक्त लिहिण्यावर होतो, आज्ञांना धक्का लागत नाही. अर्धा दिवस खर्चून हे एकदा लावून घेतलं की विसरून जाता येतं. पण पडद्यावर ‘किती’ हे दोन अक्षरांचं दिसतं आणि संगणक त्यात चार मोजतो: क, ऱ्हस्व इकार, त, दीर्घ ईकार. कर्सर कुठं थांबेल याचा अंदाज मराठीत सावकाश येतो, हेही सांगून ठेवायला हवं.

●

इथवर वाचून कुणी म्हणेल, काम लवकर उरकायची ही युक्ती आहे, दुसरं काय? मलाही बरीच वर्षं तसंच वाटत होतं. ते चुकीचं आहे हे पुण्यात वाढलेल्या एका माणसाच्या कामामुळे कळलं.

टी. व्ही. रामन यांचा जन्म १९६५ चा, पुण्यातला. काचबिंदूनं चौदाव्या वर्षी त्यांची दृष्टी गेली. पुण्याच्या नौरोसजी वाडिया महाविद्यालयातून गणिताची पदवी, मग पवईच्या आयआयटीत संगणकशास्त्र आणि पुढं अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात १९९४ मध्ये पीएच.डी. प्रबंधाचा विषय होता गणित ऐकायचं कसं. समीकरण सरळ ओळीत वाचून दाखवलं तर घातांक कुठं संपला आणि पुढची बेरीज कुठं सुरू झाली, ते कानाला कळत नाही. रामन यांच्या ‘ॲस्टर’ या प्रोग्राममध्ये घातांक आला की आवाजाची पट्टी चढते. डोळ्याला जे अक्षराच्या डोक्यावर दिसतं, ते कानाला वरच्या पट्टीत ऐकू येतं. ॲस्टर हेच त्यांच्या वाटाड्या कुत्रीचंही नाव होतं.

१९९५ मध्ये त्यांनी ‘ईमॅक्सपीक’ लोकांसाठी खुलं केलं. ईमॅक्स हा एडिटर १९७६ पासूनचा, एमआयटीतला; रिचर्ड स्टॉलमन यांच्या नावाशी जोडलेला. ईमॅक्सपीक हे त्याला लावायचं अवजार, म्हणजे आपल्या आजच्या भाषेत प्लग-इनच. पण विचार वेगळा होता. त्या काळचे वाचक-प्रोग्राम पडद्यावर जे उमटलं तेवढंच वाचायचे. कॅलेंडर उघडून एक दिवस पुढं गेलं की ते नुसतं ‘चौदा’ म्हणणार. चौदा कोणत्या महिन्याची? वार कोणता? डोळस माणूस वरचा मथळा आणि उभी रांग बघून हे क्षणात जुळवतो. कानाला ते कसं जमणार? रामन पडद्याच्या मागं, एडिटरच्या आत शिरले. तिथं तारीख, वार, महिना, साल सगळं माहीतच असतं. ईमॅक्सपीक ते पूर्ण बोलतं.

हे त्यांनी केलं कसं, तेही बघण्यासारखं आहे. ईमॅक्सच्या भाषेत ‘ॲडव्हाइस’ नावाची सोय आहे. मूळ आज्ञेला हात न लावता तिच्या पुढं किंवा मागं आपला तुकडा बांधता येतो. ‘पुढच्या ओळीवर जा’ ही आज्ञा होती तशीच राहते. तिच्या पाठोपाठ ‘ती ओळ बोल’ एवढं जोडलं जातं. अशा शेकडो आज्ञा बोलत्या केल्या. पडद्यावर टिपा वेगळ्या रंगात दिसतात, ईमॅक्सपीकमध्ये त्या वेगळ्या आवाजात ऐकू येतात. ओळ किती घरं आत सरकली आहे तेही कळतं. पायथनसारख्या भाषेत एका घराचा फरक झाला तर प्रोग्राम कोसळतो, तिथं ही गोष्ट जिवाची आहे.

रामन २००५ मध्ये गुगलमध्ये रुजू झाले. सपाट काचेचे फोन आले तेव्हा प्रश्न उभा राहिला: बटणंच नाहीत, तर न बघता आकडा कसा लावायचा? जुन्या फोनवर ५ च्या बटणावर छोटा उंचवटा असायचा. कळफलकावर एफ आणि जेवर असतो तसाच. रामन आणि त्यांचे सहकारी चार्ल्स चेन यांनी तोडगा असा काढला की काचेवर बोट जिथं पहिल्यांदा टेकेल, ती जागा ५. तिथून वर सरकलं की २, खाली ८, डावीकडे ४. जागा शोधत बसायचं नाही. बोट टेकेल तीच जागा.

हे वाचलं तेव्हा मला माळ्यावरचा रुमाल आठवला.

मुद्दा वेगाचा नाहीच. न बघता काम करता येणं म्हणजे डोळे मोकळे होणं. ज्याला डोळे आहेत त्याचे डोळे विषयावर राहतात, ज्याला नाहीत त्याचं काम अडत नाही. दोघांना एकच वाट उपयोगी पडते. ज्या सॉफ्टवेअरमध्ये प्रत्येक गोष्ट कळांनी होते, ते अंध माणसाला उघडं असतं. जिथं एखादी गोष्ट फक्त माउसनंच होते, तिथं त्याला दार बंद. म्हणून मी माझ्या अडत दुकानांच्या प्रोग्राममध्ये एक नियम केला आहे. पावती फाडण्यापासून वर्षाचा ताळेबंद काढण्यापर्यंत माउसला हात न लावता सगळं झालं पाहिजे. मुनीमजींना तो नियम आवडतो. उजव्या हातानं आकडे ठोकताना त्यांची नजर वजनकाट्यावर असते.

●

आता खर्चाची बाजू.

अकोला ते अकोट हे सुमारे ४५ किलोमीटरचं अंतर. आमची मीटरगेज गाडी २०१७ च्या सुरुवातीला रुंदीकरणासाठी बंद झाली आणि ब्रॉडगेजवर प्रवासी गाडी धावली ती २०२२ च्या नोव्हेंबरात. मधली वर्षं लोक एसटीनं आणि काळी-पिवळीनं हाडं खिळखिळी करून घेत होते. रूळ बदलायचे तर गाडी थांबवावी लागते. व्हिम शिकणं तसंच आहे. पहिले पंधरा दिवस तुम्ही आधीपेक्षा हळू काम करता. अक्षर उमटेल म्हणून कळ दाबावी आणि ओळच गायब व्हावी, हे रोज घडतं. व्हिममधून बाहेर कसं पडायचं, हा तर जगभर विनोदाचा विषय आहे. प्रोग्रामरांच्या ‘स्टॅक ओव्हरफ्लो’ या संकेतस्थळानं २०१७ मध्ये जाहीर केलं होतं की त्यांच्याकडचा हा एक प्रश्न दहा लाखांहून अधिक वेळा पाहिला गेला आहे. उत्तर मात्र चिमूटभर: एस्केप, मग विसर्गासारखा कोलन, मग क्यू आणि एंटर.

प्लग-इनचा खरा उपयोग इथं होतो. मूळ व्हिममध्ये गेलात तर ओळखीचं सगळं एकदम सुटतं. प्लग-इन लावलं तर मेनू, माउस, फायलींची यादी जागेवर राहतात. एका बाजूला नवे रूळ पडत असताना दुसऱ्या बाजूनं एसटी चालू असते. अंगावर डेडलाइन असेल त्या दिवशी प्लग-इन बंद करा, दुसऱ्या दिवशी पुन्हा लावा. मी महिनाभर असंच केलं.

आणि एक गोष्ट मोकळेपणानं कबूल केली पाहिजे. यानं कुणी मोठा प्रोग्रामर होत नाही. अकलेचं काम बोटं करत नाहीत. कळफलकाला हात न लावता सुंदर विचार करणारे आणि माउसनं उत्तम प्रोग्राम लिहिणारे लोक मी पाहिले आहेत. ‘आता एआय सगळं लिहून देतो, मग बोटांची कवायत कशाला?’ असं भाचाही म्हणाला. मला उलटं दिसतं. यंत्र पानंच्या पानं लिहून देतं, म्हणजे माणसाच्या वाट्याला वाचणं, हिंडणं, छाटणं, दुरुस्त करणं उरतं. आणि व्हिम उघडतो तो त्याच अवस्थेत. लिहिण्यासाठी तिथं वेगळी कळ दाबावी लागते.

●

गोदरेजनं १९५५ मध्ये देशी टाइपरायटर बनवला आणि २००९ मध्ये ते बनवणं थांबवलं. राज्य परीक्षा परिषदेची टंकलेखन परीक्षा आता संगणकावर होते. पण तालुक्याच्या गावातले क्लास बंद पडलेले नाहीत. अकोटात, तेल्हाऱ्यात, दर्यापुरात, अंजनगावात आजही दहावी-बारावी झालेली मुलंमुली तासभर बसून ३० आणि ४० शब्दांचा वेग कमावतात. सर्टिफिकेट फायलीत जातं आणि भरती निघायची वाट बघत राहतं. यांतल्या प्रत्येकाच्या बोटांना न बघता चालायची सवय झालेली असते. पुण्या-मुंबईच्या कॉलेजांत शिकलेले, दोन बोटांनी टायपिंग करणारे इंजिनिअर मी कितीतरी पाहिलेत. त्यांच्याकडे नसलेली गोष्ट या पोरांकडे आहे, आणि हे त्यांना कुणी सांगितलेलं नाही.

म्हणून क्लास चालवणाऱ्यांना एक विनंती. परीक्षा झाल्यावर मुलांना आणखी पंधरा दिवस बसवा. एका संगणकावर फुकट मिळणारा एडिटर आणि त्याचं व्हिमचं प्लग-इन टाका. मूळ व्हिम टाकलात तर त्याच्यासोबत ‘व्हिमट्यूटर’ नावाचा धडा येतो. साधारण अर्ध्या तासाचा, इंटरनेटशिवाय चालणारा. तुमच्याकडे दृष्टी नसलेला मुलगा किंवा मुलगी आली तर ‘यांत्रिक काम तुला जमणार नाही’ म्हणून परत पाठवू नका. ‘एनव्हीडीए’ हा पडदा वाचून दाखवणारा प्रोग्राम फुकट आहे आणि त्याच्यासोबत मिळणारा ‘ईस्पीक’ मराठीही बोलतो. रुमाल टाकायची गरज त्यांना पहिल्यापासूनच नाही.

आणि वाचकहो, तुमच्यापैकी कुणी कधीकाळी अशाच माळ्यावर ए एस डी एफ ठोकलं असेल, तर या सुटीत अर्धा तास काढून पाहा. बोटं चुकतील. आमच्या क्लासमध्येही पहिला आठवडा दुसरं काही शिकवत नसत.